मेलेला माणूस गोष्ट सांगतो

श्रोतेहो, नमस्कार.

‘एल प्रेसिदेन्ते’ ही फुटबॉलमधल्या लाचखोरीवरची मालिका २०२० साली आली. तिची गोष्ट सांगणारा माणूस मेलेला आहे. हुलिओ ग्रोंदोना. अर्जेंटिनाच्या फुटबॉल संघटनेवर १९७९पासून २०१४मधल्या मृत्यूपर्यंत, म्हणजे ३५ वर्षं, त्यांचीच सत्ता होती. मालिकेचा नायक मात्र त्यांच्यापुढे अगदी किरकोळ आहे. चिलीतल्या ला कालेरा या छोट्या शहरातल्या क्लबचा कारभारी सर्हिओ हादुए २०११मध्ये देशाच्या फुटबॉलचा अध्यक्ष झाला. वय अवघं ३१. आंद्रेस पार्रानं रंगवलेला हा बुजरा, हावरा माणूस बघताना आपण हसतो आणि नकळत त्याच्या बाजूचेही होतो. मला या मालिकेचं मोठेपण इथेच वाटतं. लाच खाणारा माणूस ओळखीचा वाटायला लागतो.

आणि लाच तरी कशी? पाकिटं फार कमी. स्पर्धेचे प्रक्षेपणहक्क कुठल्या कंपनीला द्यायचे, हे मूठभर पदाधिकारी ठरवतात. कंपनी त्यांना गुपचूप पैसे देते आणि हक्क तिच्याकडे जातात. संघटनेच्या तिजोरीत जाणारा पैसा, म्हणजे गावोगावच्या मैदानांचा, पोरांच्या बुटांचा पैसा, वाटेतच मुरतो. या लाचखोरीबद्दलच्या अमेरिकेच्या आरोपपत्रात २४ वर्षांतली १५ कोटी डॉलरहून अधिक लाच नोंदली आहे. २७ मे २०१५च्या पहाटे झुरिकच्या बाउर ओ लाक हॉटेलातून फिफाचे, म्हणजे जागतिक फुटबॉल संघटनेचे, पदाधिकारी पकडून नेले, तेव्हा त्यांचे चेहरे दिसू नयेत म्हणून बाहेर पांढऱ्या चादरी धरल्या होत्या.

पुढे जे घडलं ते मला फार लागतं. त्यानंतर सहा आठवड्यांच्या आत, ४ जुलैला, चिलीनं सान्तियागोत पहिल्यांदाच कोपा अमेरिका ही दक्षिण अमेरिकेतल्या देशांची स्पर्धा जिंकली. तेव्हा अध्यक्ष हादुएच होते. नोव्हेंबरात ते मायामीला गेले आणि अमेरिकेच्या न्यायालयात त्यांनी गुन्हा कबूल केला.

तो अंतिम सामना आपल्याकडे रात्री दीडला सुरू झाला होता. मी जागा होतो. मालिका संपल्यावर त्याचं चित्रण पुन्हा लावलं. समोर अर्जेंटिना, निकाल पेनल्टीवर आलेला. अलेक्सिस सांचेझ धावत आला आणि त्यानं चेंडू हलकेच मधोमध उचलला. गोलरक्षक एका बाजूला झेपावून गेला होता. चेंडू जाळ्यात पडला, आणि माझ्या अंगावर पुन्हा तसाच काटा आला.