वैलावरचं बीट

नमस्कार, श्रोतेहो.

गेल्या शनिवारी बेळगावात गणपत गल्लीच्या तोंडाशी पाल्यासकट बिटाच्या जुड्या घेऊन एक अव्वा बसली होती. मी एक जुडी उचलून पाल्याचं देठ मोडून बघितलं. कट् करून मोडलं, म्हणजे सकाळचीच काढणी. अव्वा म्हणाली, "तगोरी अक्का, ताजा अदाव." म्हणजे घ्या अक्का, ताज्या आहेत. दोन जुड्या पिशवीत टाकल्या. शेजारी शेपू होता, तोही घेतला. शेजारच्या वैनी भेटल्या. पिशवीत डोकावून म्हणाल्या, "बीट आणि शेपू? काय करूलालीस गे?"

काय करूलाले ते आज तुम्हालाही सांगते. बिटाचं सूप, तेही स्लो कुकरमध्ये, म्हणजे मंद आचेवर तासन्‌तास शिजवणाऱ्या विजेच्या भांड्यात. दूध, दही, तूप, लोणी यातलं काहीही न घालता.

हा पदार्थ घरात आला कसा, ते आधी सांगते. आमच्या गल्लीतला एक मुलगा युक्रेनमध्ये डॉक्टरकी शिकत होता. २०२२ च्या मार्चमध्ये तिथल्या लढाईतून जीव मुठीत धरून घरी परतला. पहिले काही दिवस बोलेचना. मग एकदा माझ्या ओट्याशी उभा राहून म्हणाला, "काकू, तिकडच्या बिटाच्या सुपाची आठवण येते." मला हसू आलं. परदेशात राहून आठवण काढायची ती बिटाची? पण त्याच वर्षी १ जुलैला युनेस्कोनं युक्रेनची ही सूप शिजवायची रीत तातडीनं जपायच्या वारशाच्या यादीत घातली, आणि मग मी हसायचं थांबवलं. त्या सुपाला तिकडे बोर्श्च म्हणतात. हे नाव मुळात बिटाचं नव्हेच. ते एका रानभाजीचं, तिच्या आंबट सुपाचं. बीट मागाहून आलं आणि त्या नावावर बसलं. मांस घालतातच, पण नाताळच्या आदल्या संध्याकाळी उपासाच्या पानात वाढतात ते बिनमांसाचं, अळंबी किंवा घेवड्याच्या दाण्यांचं. म्हणजे हे आजकालचं फॅड नव्हे हं.

आता कुकर. लेकीनं अमेरिकेतून येताना आणलेला. मी हौसेनं भाज्या भरल्या आणि पिन लावली. वीस मिनिटांत खालच्या डब्यातून सूं सूं आवाज, जळकट वास, आणि घरचा फ्यूज गेला. बुडाशी बारीक अक्षरांत लिहिलेलं होतं, १२० व्होल्ट. आपल्याकडे २३०. विजेचा दाब दुपटीच्या आसपास गेला की उष्णता जवळजवळ चौपट होते, हे आमच्या ह्यांनी मला नंतर शांतपणे समजावून सांगितलं. आधी सांगितलं असतं तर बरं झालं असतं. आतलं मातीचं भांडं तेवढं शाबूत राहिलं. त्यात मी आता चिंच ठेवते. दुसरा कुकर इथल्या दुकानातून आणला, साडेतीन लिटरचा. त्याच्या बुडाशी २०० वॅट लिहिलंय. आठ तास चालला तरी १.६ युनिट. परदेशातून कुणी भांडं आणलं तर पिन लावण्याआधी ते उलटं करून वाचा.

हे यंत्र बघून आमच्या सासूबाई म्हणाल्या, "ह्यात काय नवीन? हा आपला वैल." बरोबर बोलल्या. चुलीच्या शेजारच्या तोंडाला जी उरलीसुरली आच जायची, तिच्यावर हुलग्यांचं गाडगं सकाळपासून ठेवलेलं असायचं. कुणी ढवळायचं नाही, कुणी बघायचं नाही. दुपारी कट काढायचा. स्लो कुकरनं एवढंच केलं की भांड्याच्या अंगाभोवती विजेची तार गुंडाळली. ज्यानं हे यंत्र बनवलं त्या आयर्व्हिंग नॅक्सननं तरी दुसरं काय पाहिलं होतं? लिथुआनियातल्या गावात शुक्रवारी संध्याकाळी ज्यू बायका घेवड्याची भांडी बेकरीच्या निवत्या भट्टीत रात्रभर ठेवायच्या, कारण शनिवारी त्यांच्या धर्मात चूल पेटवायची नसते. ही आईनं सांगितलेली गोष्ट त्याच्या डोक्यात होती. १९४० साली त्याला पेटंट मिळालं. १९७१ पासून ते भांडं क्रॉक-पॉट नावानं घरोघर गेलं. आणि खानापूरच्या कुंभारांना विचाराल तर माती मंद आचेला कशी वागते ते तुम्हाला ह्या कुकरच्या माहितीपत्रकापेक्षा जास्त कळेल. तापलेलं मातीचं भांडं गार पाण्याच्या नळाखाली धरायचं नाही, एवढं तर त्यांची लहान पोरंसुद्धा सांगतील. धराल तर तडकेल.

आता लिहून घ्या. पाच-सहा माणसांना तीन मध्यम बीट, अंदाजे चारशे ग्रॅम. दोन बटाटे, एक गाजर, पाव गड्डा कोबी, दोन कांदे, दोन टोमॅटो, सात-आठ लसणीच्या पाकळ्या, शिजवलेली वाटीभर चवळी. पाणी सव्वा लिटर. झाकणावर साचलेली वाफ थेंब थेंब परत आतच पडते, पाणी आटत नाही, म्हणून आमटीच्या अंदाजानं ओतलंत तर पातळ कढण होईल.

कांदा आणि लसूण आधी कढईत तेलावर परतून घ्या. हे टाळू नका. एवढ्या मंद आचेवर कांद्याचा कच्चा वास मरत नाही, मी एकदा आळस केला आणि सगळं सूप कांद्याच्या पाण्यासारखं लागलं. बीट, गाजर, बटाटा बोटाच्या पेराएवढे कापा आणि तळाला, कडेला लावा. कंदमुळं ह्या भांड्यात सगळ्यात उशिरा शिजतात आणि आच तिथे आहे. कोबी वर. मीठ, दहा-बारा मिरे, दोन तमालपत्रं. झाकण. मोठ्या आचेवर चार-पाच तास, मंद आचेवर आठ. मधे झाकण उघडू नका. एकदा उघडलंत की गेलेली वाफ भरून यायला वीस-पंचवीस मिनिटं जातात. आमचे हे दर तासाला "काय झालं बघू" म्हणून उघडतात, त्या दिवशी जेवायला साडेनऊ होतात.

चवळीऐवजी राजमा घालायचा असेल तर मात्र कान देऊन ऐका. कच्चा राजमा सरळ स्लो कुकरमध्ये घालायचा नाही. त्यात एक विषारी द्रव्य असतं, ते खळखळ उकळीनं जातं, मंद आचेनं जात नाही. उलट अर्धवट तापलेला राजमा कच्च्यापेक्षा जास्त त्रास देतो, उलट्या, जुलाब. रात्रभर भिजवा, ते पाणी फेका, नव्या पाण्यात गॅसवर निदान दहा मिनिटं चांगला उकळा, पूर्ण शिजवा, आणि मगच ह्यात घाला.

आता रंग. पहिल्या वेळी माझं सूप झालं तेव्हा झाकण उघडलं आणि मी खट्टू झाले. विटकरी, मळकट रंग. त्या मुलाला हाक मारली. त्यानं विचारलं, "आंबट कधी घातलंत?" मी म्हटलं, "घातलंच नाही अजून." तो म्हणाला, "मग घाला की." वाटीत डावभर सूप घेतलं, त्यात आमसुलाचं पाणी चमचाभर सोडलं. चमचा पडला तिथून लाल रेघ निघाली आणि वाटीभर पसरली. नवऱ्या मुलीच्या शालूचा असतो ना, तसा रंग.

बिटाचा रंग आंबटात खुलतो आणि उष्णतेनं विझतो. बोअरचं पाणी खारट-चुन्याचं असेल तर आणखी मळतो. मग आंबट सुरुवातीलाच का नाही घालायचं? कारण आंबटात भाजी शिजायला वेळ लागते. चिंच आधी पडली की आमटीतली डाळ कशी दडस राहते, तसंच बटाटा आठ तासांनीही कचकच करतो. म्हणून आंबट शेवटी. आणि एक बीट राखून ठेवा, ते कच्चंच किसून शेवटच्या वीस मिनिटांत घाला. रंगही येतो आणि मातीसारखा तो बिटाचा गंधही, जो काही लोकांना आवडत नाही आणि मला फार आवडतो.

तिकडे व्हिनेगर घालतात. मी कणकुंबीकडून आलेली पाच-सहा आमसुलं कोमट पाण्यात भिजवते. त्यांचा स्वतःचाही रंग लाल. सुपारीएवढा महालिंगपूरचा गूळ. बस्. सांकेश्वरी मिरची घालू का, असं वैनींनी विचारलं. घाला बाई, तुमच्या घरात तुम्ही मालकीण, पण मग ते बोर्श्च नाही, बिटाचं सार झालं. ह्यांनी तर एकदा माझ्या नकळत वरून मोहरी-कढीपत्त्याची फोडणी दिली. वाईट लागलं नाही, हे मी त्यांना अजून सांगितलेलं नाही.

आणि शेपू! शेपूला नाक मुरडणारी मंडळी आपल्याकडे घरटी एक तरी आहे. तिकडे त्याच जातीचा पाला ह्या सुपाचा प्राण. बारीक चिरून वाढताना वर घाला, शिजवू नका.

वर ते लोक आंबट साय घालतात. आपण काजू घेऊ. चंदगड-खानापूरचे पंधरा काजू तासभर भिजवा, लिंबू, मीठ आणि थोडं पाणी घालून गंधासारखे वाटा. लाल सुपात पांढरा चमचा सोडला की बघत राहावं. सोबत कडक ज्वारीची भाकरी, मोडून बुडवून.

दोन-तीन गोष्टी राहिल्या. बीट चिरताना तळहाताला तेल लावा, आणि लाकडी पाट वापरू नका, डाग जात नाही. दुसऱ्या दिवशी लघवी लालसर झाली तर घाबरू नका, काहींना होते, सासूबाईंनी पहाटे सगळ्या घराला उठवलं होतं. मुतखडा किंवा मूत्रपिंडाचा आजार असेल तर मात्र डॉक्टरांना विचारूनच बीट खा. आणि वळवाच्या दिवसांत लक्ष ठेवा. वीज दोन तासांपेक्षा जास्त गेली आणि सूप अर्धवट कोमट पडलं असेल तर जीव तुटला तरी टाकून द्या. वीज गेली की लगेच पातेल्यात ओतून गॅसवर चढवलंत तर काही बिघडत नाही.

उद्या रविवार. राजमा घालणार असाल तर आत्ताच उठून भिजत टाका. चवळीवाल्यांनी निवांत झोपलं तरी चालेल. नमस्कार.