सेवापुस्तकातली लाल शाई

नमस्कार श्रोतेहो,

आज वसुलीबद्दल बोलायचंय, म्हणजे कार्यालयानं चुकून जास्त दिलेला पगार नंतर परत घेतं त्याबद्दल. ज्यांच्या घरात कुणी सरकारी नोकरीतून निवृत्त झालंय, त्यांच्या कानावरून हा शब्द गेला असेलच. मी आस्थापना शाखेत चोवीस वर्षं काढली. सेवापुस्तकं, वेतननिश्चितीचे तक्ते, पेन्शनची प्रकरणं, हेच माझं काम. वसुलीची पत्रं मीही टाईप केली आहेत, आणि ती कुणाच्या घरी जाऊन पडतात हे मला फार उशिरा कळलं.

निवृत्ती जवळ आली की सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जातं. परत येतं तेव्हा एखाद्या पानावर लाल शाईत शेरा असतो. अमुक साली वेतनवाढ वर्षभर आधीच दिली, किंवा आश्वासित प्रगती योजनेचा, म्हणजे बढती न मिळाल्यास ठराविक वर्षांनी मिळणाऱ्या वरच्या वेतनश्रेणीचा, लाभ चुकीच्या तारखेपासून धरला. चूक पंधरा वर्षांपूर्वीची. ती करणारा बदलून गेलेला, कदाचित निवृत्तही झालेला. पण फरक महिन्यामागून महिना, महागाई भत्त्यासकट साठत आलेला असतो. मग पत्र निघतं: सदर रक्कम उपदानातून वसूल करण्यात यावी. उपदान म्हणजे निवृत्तीच्या वेळी एकरकमी मिळणारी ग्रॅच्युइटी.

एका वाहनचालकाच्या पत्नी असंच पत्र घेऊन माझ्या घरी आल्या. कापडाच्या दुकानाची पिशवी, तिच्यात सगळे कागद, वर रबर लावलेलं. मुलीच्या लग्नाचा हॉल ठरलेला होता, म्हणून पैशाची चिंता असेल असं मला वाटलं. त्यांनी विचारलं वेगळंच. ‘भाऊ, ह्यांनी काही खाल्लं का हो? खरं सांगा.’ वसुली म्हटलं की लोकांच्या मनात अफरातफरच येते. नवरा दोन आठवडे पारावर बसायला गेला नव्हता.

त्या माणसानं एक पैसाही लपवला नव्हता. कार्यालयानं दिला तो पगार त्यानं घेतला, एवढंच. अशांसाठीच सर्वोच्च न्यायालयाचा १८ डिसेंबर २०१४ चा निकाल आहे: पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह. हे नाव लिहून ठेवा. तृतीय आणि चतुर्थ श्रेणीतले कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम मिळालेले, यांपैकी कुणाकडूनही वसुली करता येत नाही. न्यायालयानं दोन पारडी तोलली. एकात सरकारचा वसुलीचा हक्क, दुसऱ्यात त्या वसुलीनं माणसावर होणारा अन्याय. या परिस्थितींत अन्यायाचं पारडं फार जड, असं ठरलं. चुकीचा पगार पुढे दुरुस्त करायला मात्र यात आडकाठी नाही, आणि ते रास्तच आहे. तो पैसा जनतेचाच असतो.

कार्यालय मग हमीपत्र दाखवतं. प्रत्येक वेतन आयोगाच्या वेळी आपण सह्या करतो ना, ‘जादा रक्कम आढळल्यास परत करीन’? तोच कागद. त्याला आधार देतात २०१६ च्या जगदेव सिंग निकालाचा. त्यात सर्वोच्च न्यायालयानं हमीपत्र दिलेल्याकडून वसुली मान्य केली होती. पण जगदेव सिंग न्यायाधीश होते, कारकून किंवा वाहनचालक नव्हेत. हा फरक अर्जात ठळक मांडायला वकिलांना सांगा.

राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांनी जायचं मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला त्याची पीठं आहेत. मुदत अंतिम आदेशापासून एक वर्ष. तोंडी आश्वासनांवर ते वर्ष घालवू नका. आदेश लेखी मागा. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांचं प्रकरण मॅट ऐकत नाही, त्यांना उच्च न्यायालयाची वाट आहे. आणि उपदान कार्यालयाच्या ढिलाईनं रखडलं असेल तर व्याजही मागा. १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांत, १२९ अ मध्ये, त्याची तरतूद आहे.

मागताना मान खाली घालू नका. १७ डिसेंबर १९८२ ला नकारा यांच्या पेन्शनच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाचे सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांच्या घटनापीठानं स्पष्ट केलं की पेन्शन ही सरकारनं मर्जीनं दिलेली बक्षिसी नाही, केलेल्या सेवेचा तो हक्क आहे. तो दिवस आजही पेन्शनर दिन म्हणून पाळतात. पुढे २०१३ मध्ये झारखंडच्या जितेंद्रकुमार श्रीवास्तव प्रकरणात न्यायालयानं पेन्शन आणि उपदान ही मालमत्ता मानली. कायद्याचा आधार नसताना ती काढून घेता येत नाही.

त्या वाहनचालकांचा अर्ज मंजूर झाला. कापलेली रक्कम परत करा, असा आदेश आला. लग्न तोवर उसनवारीवर उरकलं होतं. बाई आदेश घेऊन आल्या तेव्हा मी रकमेचा आकडा दाखवायला गेलो, तर म्हणाल्या, ‘ते राहू द्या. ह्यांची चूक नाही असं कुठं लिहिलंय?’ मी ओळ दाखवली: अर्जदारानं कोणतीही दिशाभूल केलेली नाही. त्यांनी त्या ओळीखाली पेन्सिलीनं रेघ मारून घेतली, आणि कोपऱ्यावरच्या दुकानातून त्या पानाच्या तीन झेरॉक्स काढल्या.