मेंटीथच्या तळ्याकाठची स्वयंपाकशाळा

(दृश्य: पहाट. तळं वरून दिसतंय. धुकं, मधोमध झाडांनी भरलेलं बेट.)

स्कॉटलंडमधल्या स्टर्लिंग शहरापासून पश्चिमेला निघालं, की हे तळं लागतं. लेक ऑफ मेंटीथ. मधल्या बेटावर दगडी कमानी दिसतायत, त्या इंचमाहोम मठाच्या. हा मठ 1238 सालचा. 1547 मध्ये इंग्रज फौज चाल करून आली, तेव्हा चार वर्षांच्या राणी मेरीला इथेच आणून लपवलं होतं. आज या पाण्यावर फिरतात त्या ट्राउट मासा धरायला आलेल्यांच्या होड्या.

तळ्याच्या काठावर पोर्ट ऑफ मेंटीथ नावाचं चिमुकलं गाव आहे. एक चर्च, थोडी घरं, कुरणं. 2000 साली निक नेर्न या शेफने या गावात स्वयंपाकाची शाळा काढली. तोवर ते स्कॉटलंडभर ओळखीचे झाले होते. त्यांच्या नावावर मिशेलिनचा तारा होता, म्हणजे उत्तम रेस्टॉरंट निवडणाऱ्या मिशेलिन गाइडचा मान, आणि टीव्हीवरचे कार्यक्रम होते. असा माणूस मोठ्या शहरात आणखी एक रेस्टॉरंट काढेल असं कुणालाही वाटलं असतं. नेर्न यांनी शेगड्या मांडल्या आणि ज्यांना साधा कांदा नीट चिरता येत नाही, अशांना शिकायला बोलावलं.

त्यांच्या कारकिर्दीतलं आम्हाला सगळ्यात मोलाचं वाटतं ते हेच.

(दृश्य: क्लाइड नदीचं मुख. मालवाहू जहाज. शिडीवरून उतरणारे खलाशी.)

नेर्न यांचा जन्म 1959 चा, स्टर्लिंगचा. स्वयंपाकाचं रीतसर शिक्षण त्यांनी कधीच घेतलं नाही. सतराव्या वर्षी ते मर्चंट नेव्हीत गेले आणि पुढची काही वर्षं जहाजावर काढली. बंदरं पाहिली, बंदरांवरचं खाणं पाहिलं. जमिनीवर परत आले ते स्वयंपाकाचं वेड घेऊनच. पुस्तकं वाचायची, घरी करून बघायचं, बिघडलं की पुन्हा करायचं. कुणा फ्रेंच उस्तादाच्या हाताखाली भांडी घासत वर आलेला हा शेफ नव्हे. पुढे शाळेत ते ज्या पद्धतीने शिकवू लागले, तिचं मूळ आम्हाला इथे दिसतं. स्वतः चाचपडत शिकलेल्या माणसाला समोरचा नेमका कुठे अडतो, हे लवकर कळतं.

(दृश्य: अ‍ॅबरफॉइलकडे जाणारा रस्ता. दोन्ही बाजूंना ओकची झाडं, मागे ट्रॉसॅक्सच्या टेकड्या.)

हा रस्ता अ‍ॅबरफॉइल गावाकडे जातो. गावाच्या अलीकडे ब्रेव्हल नावाची जागा आहे. तिथल्या जुन्या गिरणीत 1986 साली नेर्न यांनी आपलं पहिलं रेस्टॉरंट सुरू केलं, ब्रेव्हल ओल्ड मिल. गाठीला व्यावसायिक अनुभव जवळजवळ नाही, आणि गिऱ्हाईक शहरातून गाडी काढून इतक्या लांब येईल एवढ्याच भरवशावर. 1991 मध्ये मिशेलिनचा तारा मिळाला. तो मिळवणारे ते तोवरचे सर्वांत तरुण स्कॉटिश शेफ ठरले.

(दृश्य: बर्चचं जंगल. ओलं शेवाळ. एक हात पानं बाजूला सारतो, खाली पिवळी अळंबी.)

ही पिवळीधमक, उलट्या छत्रीसारखी अळंबी म्हणजे शाँतरेल. उन्हाळा सरता सरता, दोन पाऊस पडून गेले, की स्कॉटलंडच्या बर्चच्या रानात ती शेवाळातून वर येते. जवळ नेऊन वास घेतला तर जर्दाळूची आठवण होते. काढताना जमीन उकरायची नाही, देठ हलकेच पिळून सोडवायचा. सोबत जाणकार असल्याशिवाय रानातल्या अळंबीला हात लावू नये, कारण सारख्या दिसणाऱ्या काही जाती विषारी असतात. पाण्यात बुडवून धुवायचीही नाही, ती पाणी शोषते. ब्रशने माती झाडायची, गरम पॅनमध्ये लोणी, वर अळंबी, आणि तिच्यातलं पाणी सुटून आटेपर्यंत धीर धरायचा.

(दृश्य: पश्चिम किनारा. बोटीवर पिंजरा ओढला जातोय. केशरी, लांब नांग्यांची लँगोस्टीन.)

आणि ही लँगोस्टीन. दिसायला मोठी कोळंबी, पण नांग्या लॉबस्टरच्या घराण्यातल्या. स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावर पिंजरे टाकून ती जिवंत धरतात. एकेक नग वेगवेगळ्या नळीत उभा ठेवतात, नाहीतर ती आपसात मारामारी करून नांग्या मोडून घेतात. या बोटीवरचा माल कुठे जातो? बराचसा ट्रकमध्ये चढतो आणि स्पेनला, फ्रान्सला जातो. ज्या देशाच्या समुद्रात हे सोनं निघतं, त्या देशातली असंख्य घरं तळणीवर आणि तयार डब्यांवर जेवतात. ही विसंगती आम्हाला अस्वस्थ करते.

1996 मध्ये बीबीसीवर नेर्न यांची ‘वाइल्ड हार्वेस्ट’ ही मालिका आली. रानातलं, समुद्रातलं, शेतातलं स्कॉटिश धान्य, मांस, मासे आणि त्यांचं काय करायचं, हा तिचा विषय. दोन वर्षांनी ‘आयलंड हार्वेस्ट’ आली, ती बेटांवरची. आपल्याच अंगणातलं काय खाता येतं, हे या मालिकांनी स्कॉटिश माणसाला त्याच्या दिवाणखान्यात आणून दाखवलं.

‘रेडी स्टेडी कुक’ या बीबीसीच्याच खेळकर कार्यक्रमातही ते नेहमी दिसत. प्रेक्षकातला माणूस जेमतेम पाच पौंडांचं सामान पिशवीत घेऊन यायचा आणि शेफने वीस मिनिटांत त्यातून जेवण उभं करायचं. गंमत म्हणून लोक बघायचे, पण बघता बघता शिकायचेही: कोबी आणि दोन अंडी एवढ्यातही पोटभर काही होतं, ते कसं.

(दृश्य: एडिनबरा. अ‍ॅथॉल क्रेसेंट. अर्धगोलाकार दगडी घरांची रांग. पाऊस.)

इथे जरा मागे जाऊ. कारण स्कॉटलंडमध्ये स्वयंपाक शिकवण्याची परंपरा फार जुनी आहे आणि तिच्याबद्दल फार कमी बोललं जातं.

अठराव्या शतकात याच शहरात सुझॅना मॅकायव्हर नावाची बाई स्वयंपाकाचे वर्ग चालवत होती. घरोघरच्या मुली तिच्याकडे शिकायला यायच्या. विद्यार्थिनींच्या आग्रहामुळे तिने आपल्या पाककृती छापल्या. ते पुस्तक 1773 चं.

त्यानंतर शंभर वर्षांनी, 1875 मध्ये, ख्रिश्चन गथ्री राइट आणि लुइसा स्टीव्हन्सन या दोघींनी एडिनबरा स्कूल ऑफ कुकरी सुरू केली. स्त्रियांना विद्यापीठाचे दरवाजे बंद होते तो हा काळ. या दोघींना दोन गोष्टी साधायच्या होत्या: स्त्रियांना शिक्षण आणि रोजगार मिळावा, आणि गरीब घरांतलं खाणं सुधारावं. पहिली व्याख्यानं आणि प्रात्यक्षिकं भरगच्च गर्दीत झाली. मग शिक्षिका गावोगावी फिरून शिकवू लागल्या. 1891 मध्ये शाळा या रस्त्यावर आली, आणि इथे शिकलेल्या मुलींना सगळा एडिनबरा अ‍ॅथॉल क्रेसेंटच्या मुली म्हणून ओळखू लागला. गृहिणी, शिक्षिका, इस्पितळांच्या मुदपाकखान्यांच्या प्रमुख, अशा कितीतरी जणी इथून बाहेर पडल्या. पुढे नावं बदलत गेली, 1972 मध्ये क्वीन मार्गारेट कॉलेज झालं, 2007 मध्ये क्वीन मार्गारेट युनिव्हर्सिटी.

नेर्न यांची शाळा खाजगी, फी भरून शिकायची. दोन्हींची तुलना होणार नाही. पण स्वयंपाक दाखवून शिकवता येतो आणि करून शिकता येतो, हा विश्वास तोच.

(दृश्य: स्वयंपाकघर. स्टीलचे ओटे. बोर्डवर कांदा. सुरीचा आवाज.)

आता हात बघा.

डाव्या हाताची बोटं आत वळलेली, नखं लपलेली. सुरीचं पातं बोटांच्या पेरांना घासून चालतं, त्यामुळे बोट कापलं जात नाही. कांद्याचं मूळ कापून टाकायचं नाही, तेच पाकळ्या धरून ठेवतं. आधी उभ्या चिरा, मग आडव्या, मग समोरून बारीक. सुरीचं टोक बोर्डवरून उचलायचं नाही, मागचा भाग फक्त वरखाली. पहिला कांदा ओबडधोबड होतो, त्याने काही बिघडत नाही. तिसऱ्या-चौथ्याला हात वळतो.

यानंतरचा धडा पॅनचा. पॅन पुरेसं तापण्याआधीच त्यात जिन्नस टाकणं ही नवशिक्यांची नेहमीची घाई. भाकरीचा तवा तापला की नाही हे पाण्याच्या शिंतोड्याने जसं कळतं, तसंच इथेही थेंब टाकून बघता येतं. आणि मग मीठ. शेवटी एकदाच घालायचं नाही, प्रत्येक टप्प्यावर थोडं, आणि प्रत्येक वेळी चाखायचं. चमचा हातात नसेल तर स्वयंपाक चालू नाही, असं समजायचं.

(दृश्य: हरणाच्या मांसाचा लांब तुकडा. कागदाने टिपला जातोय.)

हे रो हरणाचं मांस, पाठीच्या कण्यालगतचं. रो हे स्कॉटलंडच्या रानातलं मूळचं, लहान चणीचं हरीण. त्याची शिकार कायद्याच्या चौकटीत होते, कारण संख्या आटोक्यात नसेल तर नवी झाडं वाढूच शकत नाहीत.

2006 मध्ये राणी एलिझाबेथ यांच्या ऐंशीव्या वाढदिवसाच्या मेजवानीसाठी बीबीसीने ‘ग्रेट ब्रिटिश मेन्यू’ ही स्पर्धा घेतली. मुख्य पदार्थाचा मान नेर्न यांच्या रो हरणाला मिळाला. सोबत बटाट्याची टिक्की, भाजलेली कंदमुळं, सायीतला कोबी आणि शिकारीच्या हाडांचा गडद रस्सा. राणीसमोर जाण्यासाठी त्यांनी कोबी आणि बटाटा निवडला, हे आम्हाला फार आवडतं.

या मांसात चरबी जवळपास नसते. म्हणून ते क्षमाशील नाही, दोन मिनिटं जास्त झाली की चामडं. पृष्ठभाग अगदी कोरडा हवा, ओलं मांस भाजलं जात नाही, वाफवलं जातं. तेल, कडक आच, चारी बाजूंनी तपकिरी रंग. आता लोणी. फेस येतो, खमंग वास सुटतो. पॅन तिरकं करायचं आणि चमच्याने ते लोणी पुन्हा पुन्हा मांसावर सोडत राहायचं. थोडा वेळ भट्टीत. मग बाहेर काढून ठेवायचं आणि हात लावायचा नाही. आतला रस पुन्हा तंतूंत मुरायला वेळ लागतो.

(निवेदन थांबतं. कापण्याचा आवाज. आतून गुलाबी.)

बाकीचं थोडक्यात. ब्रेव्हल नव्वदच्या दशकातच मागे पडलं. 1997 मध्ये ग्लासगोत नेर्न्स सुरू झालं, काही वर्षांनी तेही थांबलं. 2012 मध्ये अ‍ॅबर्डीनला दुसरी स्वयंपाकशाळा निघाली. पुढे ब्रिज ऑफ अ‍ॅलन गावात निक्स हे रेस्टॉरंट आलं, 2021 मध्ये तिथे आग लागली, आणि ते पुन्हा उभं राहिलं.

(दृश्य: एका वर्गातली मुलं. प्रत्येकासमोर बोर्ड, गाजर, सुरी.)

मुलांना स्वयंपाक हाताने करायला शिकवा, ही मागणी नेर्न जाहीरपणे करत आले आहेत. आम्हीही तीच करतो. त्यासाठी तारांकित शेफ लागत नाही. एक ओटा, एक शेगडी, धार असलेली सुरी आणि शिकवायला उभं राहणारं एक मोठं माणूस लागतं. गाजर, बटाटा, डाळ आणि एक सूप येवढ्यापासून सुरुवात करता येते, आणि आठवड्याचा एक तास त्याला पुरतो.