मशेरी आणि पोटातलं बाळ

श्रोतेहो, नमस्कार.

गरोदरपणाच्या पहिल्या तपासणीत "बिडी-सिगारेट ओढता का?" असं विचारलं, तर आपल्याकडच्या बहुतेक बाया "नाही" म्हणतात, आणि ते खरंही असतं. म्हणून आशाताईंना, नर्सताईंना माझी विनंती आहे, की "मशेरी लावता का? दिवसातून किती वेळा?" असंच विचारा. तव्यावर काळी पडेपर्यंत भाजून कुटलेली ही तंबाखूच आहे. भाजली म्हणून तिच्यातलं निकोटीन निघून जात नाही.

मशेरीचं बोट हिरडीवर फिरलं, की निकोटीन तिथूनच रक्तात उतरतं. नंतर चूळ भरली, थुंकून टाकलं, तरी उतरलेलं परत येत नाही. त्याने गर्भाशयाकडे आणि वारेकडे जाणाऱ्या रक्तवाहिन्या आकसतात. बाळाचं अन्न आणि प्राणवायू त्याच वाटेने येतो. शिवाय निकोटीन वार ओलांडून बाळाच्या रक्तातही पोचतं.

याचा मुंबईतच अभ्यास झाला आहे. 2004 साली प्रसिद्ध झालेल्या त्या पाहणीत बाराशेहून जास्त गरोदर स्त्रिया होत्या. तोंडातली तंबाखू वापरणाऱ्या आयांची बाळं सरासरी 105 ग्रॅमने हलकी भरली आणि सुमारे 6 दिवस आधी जन्मली. 105 ग्रॅम ऐकायला थोडे वाटतात. पण ज्या बाळाचं वजन 2600 भरलं असतं, ते 2500 ग्रॅमच्या खाली जातं, आणि तिथूनच कमी वजनाचं बाळ धरतात. अशा बाळाला अंगात ऊब टिकवणं आणि जंतुसंसर्गाशी झगडणं जड जातं. याच स्त्रियांमध्ये बाळ पोटातच दगावण्याचं प्रमाणही जास्त आढळलं.

बिडी-सिगारेटच्या धुरात याखेरीज कार्बन मोनॉक्साइड असतो. तो रक्तातली प्राणवायूची जागा अडवतो. घरात नवरा किंवा सासरे बिडी ओढत असतील, तर तोच धूर तिच्याही छातीत जातो. त्यांनी बिडी सोडावी, आणि तोवर घरात तरी पेटवू नये.

"मशेरीशिवाय पोट साफ होत नाही," असं अनेकजणी सांगतात. यात तथ्य आहे, निकोटीनने आतड्यांची हालचाल वाढते. त्यात चौथ्या महिन्यापासून लोहाच्या गोळ्या सुरू होतात, त्यानेही मलावरोध होतो. मग मशेरी वाढते, नाहीतर गोळी बंद होते. दोन्ही करू नका. उठल्यावर दोन पेले कोमट पाणी प्या, जेवणात पालेभाजी, मोड आलेली कडधान्यं, भाकरी घ्या आणि रोज ठरल्या वेळी शौचाला जा. तरीही त्रास राहिला, तर डॉक्टरांकडून औषध मागून घ्या.

मशेरी सोडल्यावर पहिले तीन दिवस सर्वांत कठीण जातात. चिडचिड होते, डोकं दुखतं, झोप लागत नाही. दोन ते चार आठवड्यांत हे उतरतं. डबी घरात ठेवू नका. सासूबाई लावत असतील, तर त्यांनीही सोडलेलं उत्तम. तेवढं होईपर्यंत सुनेसमोर नको. तलफ आली, की बडीशेप चघळा. सुपारी किंवा गुटखा हा पर्याय नाही. निकोटीनच्या गोळ्या किंवा पट्ट्या मनाने घेऊ नका.

सातवा महिना लागला, आता काय उपयोग, असं वाटू देऊ नका. बाळाचं वजन सर्वांत जास्त शेवटच्या तीन महिन्यांतच वाढतं.

दारूचं गरोदरपणात कोणतंही प्रमाण सुरक्षित नाही. मात्र जी रोज भरपूर पिते, किंवा अफूसारखी नशा करते, तिने ती एकदम स्वतःहून बंद करू नये. झटके येऊ शकतात, बाळाच्या जिवालाही धोका होतो. तिला लगेच सरकारी दवाखान्यात न्या, आणि तिथे काहीही लपवू नका.

बाळंतपणानंतर निकोटीन दुधातूनही उतरतं, म्हणून पुन्हा सुरू करू नका. पण सवय सुटली नसली, तरी अंगावर पाजणं थांबवू नका.

तंबाखू सोडण्यासाठी मोफत सल्ल्याचा राष्ट्रीय क्रमांक लिहून घ्या: 1800-11-2356. पुन्हा सांगते, 1800-11-2356.