पोहोच द्या, साहेब

नमस्कार श्रोतेहो.

पोलिसांवर तुमचा विश्वास आहे का, असं कुणी विचारलं की आपल्या डोक्यात लगेच मोठमोठी प्रकरणं येतात. दंगली, चकमकी, खंडणी, बदल्यांचं राजकारण. पण तुमच्या-माझ्यासारख्याचा पोलिसांशी संबंध येतो तो ठाण्यात शिरल्यावर समोर दिसणाऱ्या टेबलापाशी. तिथे ठाणे अंमलदार बसलेले असतात. मागे भिंतीवर 'सद्रक्षणाय खलनिग्रहणाय', बाजूला वायरलेसची खरखर, आणि बाकावर आपल्याआधी येऊन ताटकळलेली दोन-तीन माणसं. मी तालुक्याच्या कोर्टात फौजदारी वकिली करते. माझं मत असं झालंय की विश्वास बसतो तोही या टेबलावर आणि उडतो तोही इथेच. तपास, आरोपपत्र, खटला हे सगळं पुढचं. आधी, माणसाने सांगितलं ते लिहून घेतलं का?

आठवडी बाजारात भाजी विकणाऱ्या एका मावशींचा मोबाइल मोटरसायकलवरून आलेल्या दोघांनी हातातून हिसकावून नेला. मावशी ठाण्यात गेल्या. त्यांच्यापुढे एक छापील अर्ज सरकवण्यात आला. 'माझा मोबाइल गहाळ झाला आहे, तरी तसा दाखला मिळावा.' नवं सिमकार्ड काढायला हा दाखला चालतो, तासाभरात काम होईल, उगाच कोर्टाच्या फेऱ्या कशाला, असं त्यांना समजावलं गेलं. अगदी गोड बोलून, खुर्ची वगैरे देऊन. मावशींनी सही केली.

आता गहाळ वस्तूचा तपास कुणी करत नाही. चोर शोधायचा प्रश्नच उरला नाही, कारण कागदावर चोर नाहीच. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत हिसकावून चोरी करणं हा वेगळा गुन्हा धरलाय, त्याला तीन वर्षांपर्यंत कैद आहे. कायद्याने इतकी बारीक सोय केली आणि कागदावर मात्र मावशीच वेंधळ्या ठरल्या. माझ्याकडे आल्या तेव्हा मोबाइल गेल्याचं दुःख मागे पडलं होतं. ''ताई, माझ्याच हातून पडला असं लिहून घेतलं हो त्यांनी,'' एवढंच त्या पुन्हा पुन्हा सांगत होत्या.

पोलीस असं का करतात? आळस, हे उत्तर सोपं आहे, पण पुरेसं नाही. गुन्हा दाखल झाला की त्याला रजिस्टर नंबर पडतो, तपासी अधिकारी नेमावा लागतो, पंचनामा, जबाब, मुद्देमाल सगळं मागे लागतं. महिन्याच्या क्राइम मीटिंगमध्ये वरिष्ठ विचारतात, तुमच्या हद्दीत चोऱ्या का वाढल्या? उघडकीस किती आल्या? नोंदच नसेल तर सगळं आलबेल. म्हणजे जे ठाणं इमानदारीने प्रत्येक तक्रार लिहून घेतं, ते तक्त्यात सगळ्यात वाईट दिसतं. आणि पेपरात 'तालुक्यात गुन्हे वाढले' असं वाचून अधिकाऱ्याची बदली करा म्हणून निवेदन देणारे आपणच असतो, हेही खरं.

शिवाय टेबलामागचा माणूस दमलेला असतो. गणपती, मोहरम, निवडणूक, मंत्र्यांचा दौरा, कसलाही बंदोबस्त आला की बारा-बारा तास, कधी त्याहून जास्त ड्यूटी. मुंबईत २०१६ साली दत्ता पडसलगीकर आयुक्त असताना देवनार ठाण्यात आठ तासांच्या ड्यूटीचा प्रयोग झाला. कल्पना खात्यातल्याच एका कर्मचाऱ्याची होती. आठ तास काम ही गोष्ट 'प्रयोग' म्हणून करून पाहावी लागते, यातच बरंच काही आलं. चौदाव्या तासाला समोर आलेल्या माणसाशी कोण नीट बोलेल? हे मी समजू शकते. पण बोलणं तुटक असलं तरी लिहिणं चोख असू शकतं, आणि माझा आग्रह लिहिण्याचा आहे.

कायदा तर याबाबत कधीचाच स्पष्ट आहे. ललिता कुमारी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०१३ मध्ये सांगितलं की सांगितलेल्या माहितीवरून दखलपात्र गुन्हा, म्हणजे ज्यात पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात असा गुन्हा, दिसत असेल तर एफआयआर नोंदवणं बंधनकारक आहे. नवरा-बायकोचे वाद, व्यापारी व्यवहार, डॉक्टरांचा निष्काळजीपणा अशा काही बाबतींत आधी प्राथमिक चौकशी करायला मुभा ठेवली, ती वेगळी. तपास आणि खटला कसा चालवायचा ते सांगणाऱ्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेतही काही गुन्ह्यांसाठी उपअधीक्षकांच्या परवानगीने चौदा दिवसांच्या चौकशीची वाट आहे. पण 'साहेब बंदोबस्ताला गेलेत', 'उद्या या', 'ही आमची हद्द नाही', 'गावातले आहात, मिटवून घ्या' यांपैकी एकाही उत्तराला कायद्यात जागा नाही. हद्दीचं तर आता संहितेतच लिहिलंय, गुन्हा कुठेही घडलेला असो, माहिती कुठल्याही ठाण्याने घ्यायची. नोंद झाली की तक्रारदाराला ती वाचून दाखवायची, सही घ्यायची आणि प्रत द्यायची. फुकट. झेरॉक्सचे दहा रुपयेसुद्धा नाही.

हे टेबल सांभाळलं नाही की काय होतं, ते ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरने दाखवलं. शाळेत दोन चिमुरड्यांवर अत्याचार झाला. पालक ठाण्यात गेले तर त्यांना तासन् तास बसवून ठेवलं गेलं. २० ऑगस्टला हजारो लोक बदलापूर स्टेशनात रुळांवर उतरले आणि लोकलची वाहतूक दिवसभर अडकून पडली. उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली, गुन्हा नोंदवायला झालेल्या उशिरावरून पोलिसांना खडसावलं. अधिकारी निलंबित झाले. आणि लक्षात घ्या, स्त्रियांवरच्या काही गंभीर गुन्ह्यांची माहिती नोंदवून न घेणाऱ्या सरकारी नोकराला सहा महिने ते दोन वर्षं सक्तमजुरी, अशी तरतूद तेव्हाही होती. २०१३ पासून आहे.

आता त्याचा पुढचा भाग. २३ सप्टेंबरला त्या प्रकरणातल्या मुख्य आरोपीला तळोजा तुरुंगातून पोलीस व्हॅनमधून नेत असताना मुंब्र्याजवळ गोळी लागून त्याचा मृत्यू झाला. त्याने एका अधिकाऱ्याचं पिस्तूल हिसकावून गोळी झाडली, म्हणून स्वसंरक्षणासाठी आम्हाला गोळी झाडावी लागली, असं पोलिसांनी सांगितलं. बदलापुरात फटाके वाजले, मिठाई वाटली गेली. पुढे जानेवारी २०२५ मध्ये दंडाधिकाऱ्यांच्या चौकशी अहवालाने व्हॅनमधल्या पाच पोलिसांना त्या मृत्यूला जबाबदार धरलं आणि प्रकरण वरच्या कोर्टांत गेलं.

मला त्या फटाक्यांबद्दल बोलायचंय. ते वाजवणाऱ्यांचा राग मला कळतो. त्या वयाच्या मुली आपल्याही घरात असतात. पण महिन्याभरापूर्वी ज्या खात्याने साधी फिर्याद वेळेवर लिहून घेतली नाही म्हणून लोक रुळांवर बसले, त्याच खात्याने सांगितलेली व्हॅनमधली हकीकत एका रात्रीत सगळ्यांना पटली कशी? तेव्हा खोटं बोलणारे आता खरं बोलू लागले, असं थोडंच आहे? आपल्याला हवं ते झालं म्हणून आपण विचारलं नाही. माझ्या लेखी फिर्याद टाळणं आणि परस्पर निकाल लागणं यात फार अंतर नाही. दोन्हीकडे कागद डावलला जातो. पहिल्यात तक्रारदाराचं म्हणणं नोंदीवर येत नाही, दुसऱ्यात आरोपीचं. आणि त्या मुलींच्या वाट्याला काय आलं? मुख्य आरोपीविरुद्धचा खटला चाललाच नाही. पुरावा तपासून, उलटतपासणी होऊन, न्यायाधीशांनी 'दोषी' म्हटलं असतं, तो निकाल त्यांना कधीच मिळणार नाही.

पोलीस मित्र माझ्यावर चिडतात. म्हणतात, तुम्हा वकिलांना आमचं काहीच खरं वाटत नाही. खरं सांगायचं तर कायद्यालाच वाटत नाही, आणि आजचं नाही, इंग्रजांच्या वेळचं आहे. १८५५ मध्ये मद्रास इलाख्यातल्या छळाच्या प्रकारांची चौकशी झाली, तेव्हा वसुलीसाठी आणि कबुलीसाठी माणसांचे काय हाल केले जात ते सरकारी अहवालातच आलं. पोलिसांसमोर दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध वापरता येणार नाही, हा नियम १८७२ च्या पुरावा कायद्यात कलम २५ म्हणून बसला. १५० वर्षांनी नवा साक्ष अधिनियम आला, २५ चं कलम २३ झालं, नियम जसाच्या तसा राहिला. स्वतंत्र भारताच्या संसदेलाही तो काढावासा वाटला नाही.

यात पोलिसांचा अपमान आहे, हे मान्य. चांगल्या पोलिसाचा तर जास्तच. पण त्या अपमानावर उतारा आहे आणि तो पोलिसांच्याच हातात आहे. वेळच्या वेळी केलेली नोंद. सर्वोच्च न्यायालयाने डी. के. बसू प्रकरणात डिसेंबर १९९६ मध्ये अटकेचे अकरा नियम घालून दिले. अटक करणाऱ्याच्या छातीवर नावाची पट्टी हवी, अटकेचा मेमो तिथेच करायचा, त्यावर घरच्यांची किंवा परिसरातल्या प्रतिष्ठित माणसाची सही घ्यायची, नातेवाइकांना कळवायचं, वैद्यकीय तपासणी करायची. बरेच पोलीस याला आरोपीचे लाड समजतात. मी कोर्टात उलट पाहिलंय. मेमोवर वेळ नीट टाकलेली असते, तपासणीचा कागद जोडलेला असतो, तेव्हा 'मला मारलं' हा खोटा आरोप दोन मिनिटांत गळून पडतो. कागद नसतो तेव्हा खऱ्या पोलिसालाही घाम फुटतो. सीसीटीव्हीचं तसंच. डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक ठाण्यात, लॉकअपपासून व्हरांड्यापर्यंत कॅमेरे बसवायला आणि चित्रण १८ महिने, निदान वर्षभर तरी जपायला सांगितलं. कॅमेरा नेमका त्याच दिवशी बंद पडला, हे आम्ही वकील इतक्या वेळा ऐकतो की आता हसूही येत नाही.

एका ठाण्यातल्या महिला अंमलदार मात्र फिर्याद टाइप करून झाली की मॉनिटर तक्रारदाराकडे फिरवतात. ''वाचा. वाचता येत नसेल तर मी वाचते. चुकलं असेल तिथे थांबवा.'' बस, एवढंच करतात. शेताच्या बांधावरच्या मारामारीत माझ्या एका अशिलाची केस तिथे नोंदली गेली. पुराव्याअभावी आरोपी सुटले. अशील नाराज होते, पण बाईंबद्दल अजून आदराने बोलतात. ''मी जे बोललो तेच लिहिलं त्यांनी, एक अक्षर इकडचं तिकडं नाही,'' म्हणतात. केस हरलेला माणूस हे बोलतोय.

तेव्हा ठाण्यात गेलात तर आवाज चढवू नका, उपयोग नसतो. अर्ज दोन प्रतींत न्या. घटनेची तारीख, वेळ, जागा पहिल्या दोन ओळींत येऊ द्या. एक प्रत त्यांना द्या, दुसरीवर शिक्का, तारीख आणि सही घेऊन पोहोच मागा. 'गहाळ'चा छापील कागद पुढे आला आणि वस्तू चोरीला गेली असेल, तर सही करू नका. नोंद झाली की एफआयआरची प्रत घेतल्याशिवाय उठू नका. घेतच नसतील तर तोच मजकूर पोलीस अधीक्षकांना पोस्टाने पाठवा, शहरात असाल तर आयुक्तालयाला. तिथूनही काही झालं नाही तर प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो, ते तपासाचा आदेश देऊ शकतात. पण अधीक्षकांकडे आधी गेलो होतो हे तिथे दाखवावं लागतं, म्हणून स्पीड पोस्टाची पावती लगेच झेरॉक्स करून ठेवा. मूळ पावतीवरची शाई दोन महिन्यांत उडते.

नमस्कार.