स्टे मिळेल का मॅडम?

बसा बसा, मागच्या सरांनापण जागा द्या जरा. मे-जूनमध्ये माझ्या वकिलीच्या ऑफिसात बदली झालेला जो शिक्षक येतो तो पहिलं वाक्य हेच बोलतो, मॅडम स्टे मिळेल का, म्हणजे बदलीला कोर्टाची स्थगिती? मी म्हणते आधी ऑर्डर दाखवा, तर ती गाडीत राहिलेली असते.

तर पहिली गोष्ट, कोर्ट कुठलं. जिल्हा परिषदेचे शिक्षक मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जात नाहीत, मॅट राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी आहे. तुमची रिट याचिका हायकोर्टात, राज्यघटनेच्या कलम 226 खाली. कोल्हापूर-सांगलीकडच्यांना आता मुंबई गाठावी लागत नाही, ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झालंय.

आता खरा मुद्दा. बदली झाली, गैरसोय झाली, पोरांची शाळा, सासूचं आजारपण, हे सगळं खरं असतं हो, पण त्याच्यावर कोर्ट ऑर्डर बदलत नाही. शिल्पी बोस विरुद्ध बिहार सरकार ही केस प्रत्येक बदलीच्या सुनावणीत सरकारी वकील काढतोच, आणि गंमत म्हणजे ती केस प्राथमिक शिक्षिकांचीच आहे. काही बायकांनी नवऱ्याच्या गावी बदली मागितली, मिळाली, आणि त्यांच्या जागी ज्या होत्या त्या हलल्या. म्हणजे आपल्या भाषेत खो बसला! खो बसलेल्या शिक्षिका कोर्टात गेल्या, पाटणा हायकोर्टाने बदल्या रद्द केल्या, आणि 1990 मध्ये सुप्रीम कोर्टाने तो निकालच उलटवला. म्हणाले, दुष्ट हेतू दिसला किंवा बंधनकारक वैधानिक नियम मोडला तरच आम्ही हात घालू, नुसत्या प्रशासकीय सूचना मोडल्या असतील तर आधी वरिष्ठांकडे दाद मागा.

इथेच आपल्याला झटका बसतो. कारण आपलं सगळं जीआरवर, म्हणजे शासन निर्णयावर चालतं, आणि तो वैधानिक नियमात नाही, प्रशासकीय सूचनेत मोडतो, 2017 चा 27 फेब्रुवारीचा, मग 2021 चा, मग 2024 चा. पती-पत्नी एकत्रीकरणाचं 30 किलोमीटर, म्हणजे दोघांच्या शाळांत त्याहून जास्त अंतर असेल तरच ती सवलत, अवघड क्षेत्राचे निकष, त्यात तो ‘संवाद छायेचा प्रदेश’, (हसू नका, मोबाइलला रेंज नाही याला सरकारी भाषेत असंच म्हणतात), हे सगळं जीआरमध्ये. आणि अब्बास केसमध्ये 1993 ला सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलंय की नवरा-बायको शक्यतो एका ठिकाणी ठेवा ही मार्गदर्शक सूचना आहे, तिच्यातून हक्क तयार होत नाही.

मग हातात काय उरतं? दुष्ट हेतू आणि शिक्षेसारखी बदली. सोमेश तिवारी यांची केस, 2009. निनावी तक्रार आली, तिच्यात तथ्य सापडलं नाही, तरी माणसाला भोपाळहून शिलाँगला पाठवलं. सुप्रीम कोर्ट म्हणालं, शिक्षेऐवजी बदली चालणार नाही. पण हे कागदावर दिसावं लागतं, ‘जिल्हा परिषदेच्या सीईओंचा माझ्यावर राग आहे’ एवढ्याने भागत नाही.

एका बाईंची केस सांगते, जिल्हा सांगत नाही. त्यांना विस्थापित करणाऱ्या, म्हणजे त्यांच्या जागी येणाऱ्या मॅडमच्या नवऱ्याची शाळा 34 किलोमीटरवर दाखवली होती. आमच्या बाई रोज स्कूटीवर त्याच रस्त्याने जाणाऱ्या, मीटर लावून मोजलं तर 26 भरलं. आक्षेप मुदतीत दिला आणि मुख्य म्हणजे पोच घेतली, आवकचा शिक्का, तारीख, सही. कोर्टाने स्टे दिला नाही, पण चार आठवड्यात दोघींना ऐकून आक्षेपावर निर्णय घ्या असा आदेश दिला. अंतराचा दाखला परत मागवला गेला आणि 27 चा आला. आम्ही त्या दुसऱ्या मॅडमना प्रतिवादी केलं होतं ते बरं झालं, लोक नेमकं हेच विसरतात. जिची जागा जाणार तिला ऐकल्याशिवाय कोर्ट निकाल कसा देईल?

आणि कृपा करून बदलीच्या जागी रुजू व्हा. निवेदन दिलंय म्हणून घरी बसू नका. गुजरात वीज मंडळाच्या एका कर्मचाऱ्याने सुरतहून उकईला बदली झाल्यावर असंच केलं, नोकरी गेली, आणि 1989 मध्ये सुप्रीम कोर्टाने मंडळाचीच बाजू धरली. हजर होऊनसुद्धा भांडता येतं, मेडिकल रजा टाकून भांडणाऱ्याचं कोर्टात अवघड जातं.

चला, प्रश्न विचारा. पण ऑर्डर आणि पोच ज्यांनी आणलीय त्यांनी पुढे या आधी, बाकीच्यांनी तोवर चहा घ्या.