एमा कर्कबी: न थरथरणारा आवाज

श्रोतेहो, संगीतकार हेंडेलची ‘मसायाह’ ही येशू ख्रिस्तावरची समूहगायनाची रचना १७८४ साली लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीमध्ये पाचशेहून अधिक कलाकारांनी सादर केली. एकोणिसाव्या शतकात हा आकडा हजारांवर गेला, आणि बरोक काळातले, म्हणजे साधारण १६०० ते १७५० दरम्यानचे, धार्मिक संगीत म्हणजे प्रचंड समूह व भारदस्त, सतत थरथरणारा आवाज, असेच समीकरण रूढ झाले. ते मोडून काढणाऱ्या गायकांत इंग्लंडच्या सोप्रानो, म्हणजे सर्वांत उंच स्त्री-आवाजाच्या गायिका, एमा कर्कबी यांचे नाव अग्रभागी आहे.

१९४९ साली सरे परगण्यात जन्मलेल्या कर्कबी यांनी ऑक्सफर्डमध्ये ग्रीक व लॅटिन साहित्याचा अभ्यास केला आणि पुढे काही काळ शाळेत शिकवले. व्यावसायिक गायिका होण्याचा त्यांचा बेत नव्हता. हौसेने गाता गाता १९७१ मध्ये त्या अँड्र्यू पॅरट यांच्या टॅव्हर्नर गायकवृंदात दाखल झाल्या आणि तेथून क्रिस्टोफर हॉगवुड, अँथनी रूली अशा जुन्या संगीताच्या अभ्यासकांबरोबर त्यांचे काम सुरू झाले. लॅटिन येणाऱ्या गायिकेच्या तोंडी लॅटिन स्तोत्राचा शब्द सुटा आणि अर्थासह पडतो, हे त्यांचे ध्वनिमुद्रण ऐकताना पहिल्या ओळीतच जाणवते.

मात्र त्यांच्या गायकीचा खरा पाया वाद्यांमध्ये आहे. ऐतिहासिक पद्धतीच्या वादनात व्हायोलिनला तातीच्या तारा असतात, धनुकली हलकी असते आणि पट्टी आजच्या ४४० हर्ट्झऐवजी बहुधा ४१५ हर्ट्झवर, म्हणजे सुमारे अर्ध्या स्वराने खाली लावलेली असते. ल्यूटसारख्या, बोटांनी छेडायच्या नाजूक तंतुवाद्यावर ऑपेराच्या ताकदीचा आवाज लादला, तर वाद्य ऐकूच येत नाही. म्हणून कर्कबी स्वर सरळ लावतात आणि कंप एखाद्या अलंकारासारखा, हवा तेथेच वापरतात. आंदोलन कोठे द्यायचे आणि कोठे टाळायचे याबद्दल चोखंदळ असणाऱ्या आपल्या श्रोत्यांना ही भूमिका परकी वाटू नये.

या सरळ स्वराने काय साधते, ते इटालियन संगीतकार पेर्गोलेसीच्या १७३६ सालच्या ‘स्ताबात मातेर’ या रचनेत पाहण्यासारखे आहे. क्रुसाखाली उभ्या असलेल्या मातेचे हे स्तोत्र दोन आवाजांसाठी आहे. आरंभी एक आवाज स्वर धरून ठेवतो आणि दुसरा अगदी शेजारच्या स्वरावर येऊन त्याला घासतो. मग पहिला खाली उतरून वाट देतो, आणि लगेच वरच्या पायरीवर तोच संघर्ष पुन्हा सुरू होतो. दोन्ही आवाज थरथरत असतील, तर ही घासणी बोथट होते. हॉगवुड यांच्या ध्वनिमुद्रणात कर्कबी आणि उंच पट्टीत गाणारे पुरुष गायक जेम्स बोमन यांचे स्वर एकमेकांना असे भिडतात की त्या विसंवादाची धार स्पष्ट ऐकू येते.

हा आवाज बारीक आहे, त्यात नाट्य कमी आहे, असा आक्षेप घेतला जातो, आणि मोठ्या ऑपेरागृहाच्या मापाने तो खोटा नाही. त्याहून अवघड प्रश्न इतिहासाचाच आहे. जर्मनीतील लाइपझिगमध्ये संगीतकार बाखच्या चर्चसंगीतातील सोप्रानोचे भाग मुलगे गात असत, आणि रोमच्या चर्चमध्ये कास्त्राती, म्हणजे उंच आवाज टिकावा म्हणून लहानपणी खच्ची केलेले पुरुष गायक. काटेकोर अनुकरणच करायचे ठरवले, तर तेथे कर्कबींना जागाच उरत नाही. माझ्या मते म्हणूनच या पद्धतीला नक्कल म्हणणे चुकीचे आहे. जुन्या पुराव्यातून काय घ्यायचे, हा निर्णय आजच्याच कलावंताला करावा लागतो. हेंडेलच्या बाबतीत मात्र ही अडचण नाही. १७५४ साली लंडनच्या अनाथालयात झालेल्या ‘मसायाह’मध्ये जुलिया फ्रासी ही गायिका होती. त्या प्रयोगाचे हिशेब टिकून असल्याने चौदा व्हायोलिने, चार ओबो (सनईसारखी फुंकवाद्ये) असा वाद्यवृंदाचा तपशीलही मिळतो, आणि हॉगवुड यांनी त्याच आवृत्तीवरून केलेल्या ध्वनिमुद्रणात कर्कबी गायल्या आहेत.

२००१ साली लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकच्या ग्रंथालयातील हस्तलिखितांत सोप्रानो आणि तंतुवाद्यांसाठी असलेली एक ‘ग्लोरिया’, म्हणजे ईश्वरस्तुतीच्या लॅटिन स्तोत्राची रचना, हेंडेलची म्हणून ओळखली गेली. तिचे पहिले ध्वनिमुद्रण त्याच वर्षी, अकॅडमीच्याच बरोक वाद्यवृंदासह, पन्नाशी ओलांडलेल्या कर्कबी यांनी केले.